अफूची गोळी आणि आठ आणे

श्रोतेहो, नमस्कार.

१९२१ सालचा मुंबईचा एक आकडा अंगावर येतो. नोंदलेल्या हजार जन्मांमागे साडेसहाशेहून अधिक तान्ही मुलं वर्षाच्या आत दगावली. चाळीची एक खोली, धूर, ओल, हे सगळं खरंच होतं. पण कामगार स्त्रियांचा इतिहास लिहिणारे अभ्यासक आधी एक साधा प्रश्न विचारतात: ही मुलं जन्मली कुठे? कापड गिरणीतल्या बाया बाळंतपणाला गावी जात. आमच्या रत्नागिरीत अजूनही जातात म्हणा. म्हणजे जन्माची नोंद मुंबईत नाही, आणि मूल घेऊन बाई कामावर परतली की मृत्यूची नोंद मात्र मुंबईत. त्यामुळे आकडा फुगला. मरण खोटं नव्हतं, भागाकार चुकला होता.

त्याच सुमाराला सरकारच्या कामगार कचेरीसाठी डॉ. बार्न्स ही बाई चाळीचाळींतून फिरली. तिला जागोजागी दिसली अफूची बाळगोळी. आई सूत गुंडाळायच्या रिळिंग नाहीतर वाइंडिंग खात्यात, दिवसभर घराबाहेर. पोर रडू नये, शेजारणीला त्रास नको, म्हणून कामावर निघताना एक गोळी चाटवायची. या बायांना अडाणी म्हणून मोकळं होणं सोपं आहे. मला ते पटत नाही. पाळणाघर नाही, खाडा केला तर मजुरी नाही आणि नाईकिणीची, म्हणजे बायांवरच्या मुकादमिणीची, मर्जी गेली तर कामही नाही. अशा बाईच्या हातात दुसरं होतं काय?

बाळंतपणाच्या भत्त्याचं विधेयक १९२८मध्ये मुंबई कायदेमंडळात आलं. आईला विश्रांती मिळण्यात राष्ट्राचं हित आहे आणि खर्चाचा मोठा भार सरकारने उचलावा, असं डॉ. आंबेडकर तिथे बोलले. १९२९चा कायदा झाला, रोज आठ आणे ठरले. पैसे मात्र गिरणीमालकाने द्यायचे. इथेच मेख होती. बाई ठेवली तर भत्ता आला, शिवाय कायद्याने तिला रात्रपाळी लावता येत नाही. त्यात नवी यंत्रं आली, खात्यांची फेरमांडणी झाली. १९२०च्या दशकात गिरणीत पाचातली एक कामगार बाई होती. १९८२चा संप झाला तोवर शंभरात मोजक्या उरल्या होत्या.

बाकीच्या कुठे गेल्या? बऱ्याच जणी गिरणगावातच होत्या, खानावळ चालवत. दहा-पंधरा गड्यांच्या भाकऱ्या रोज थापायच्या, चुलीच्या धुरात. त्यांच्या खोकल्याची तपासणी करायला कुठलीच कचेरी आली नाही. १९७५मध्ये प्रेमा पुरव यांनी अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं, तेव्हा या बायांना प्रथमच कामगार म्हणून बँकेचं कर्ज मागता आलं.