एकटा चालतोय, तर कॅमेरा कुणी धरलाय?

नमस्कार मंडळी. बेळगावच्या पावसात एवढे जण आलात, बरं वाटलं. पत्रिकेत विषय छापलाय ‘रानवाटा आणि माहितीपट’. त्याच्याकडे येतोच. अध्यक्षांनी मनगटावरचं घड्याळ काढून टेबलावर ठेवलंय, तेही बघितलंय मी.

आधी एक तक्रार. लांब पायी प्रवासाचे माहितीपट हल्ली घरोघरी मोबाईलवर बघतात. अमेरिकेतली अ‍ॅपलेशियन वाट घ्या, जॉर्जियापासून मेनपर्यंत सुमारे 3,500 किलोमीटर. पाठीवर बोजा घेऊन एकटा माणूस धुक्यात शिरतोय, मागे संथ संगीत. आपण म्हणतो, काय एकांत आहे! अहो, तो एकटा, तर कॅमेरा कुणी धरलाय? त्यानंच ट्रायपॉड लावायचा, बटण दाबायचं, वळणापर्यंत चालायचं, मागे येऊन सगळं उचलायचं आणि तीच वाट पुन्हा चालायची. पडद्यावर शंभर पावलं दिसली की त्याची तीनशे झालेली असतात! चोर्ला घाटाच्या बाजूला ऐन आषाढात मी हा उद्योग केलाय. परत येईतो लेन्सवर वाफ, आणि ट्रायपॉडच्या पायावर जळू चढत होती. दिवसभर मी चाललो, पोट तिचं भरलं. (हशा)

तर ते मागे येणं संकलनात उडतं, आणि उरतो तो एकांत. ही खोड जुनीच. 1922 च्या ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ या माहितीपटात इग्लूत, म्हणजे बर्फाच्या घरात, उजेड पुरेना, म्हणून दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टीनं चित्रीकरणापुरता एका बाजूनं उघडा इग्लू बांधून घेतला. घरातली मंडळी बिचारी वाऱ्यात निजली, प्रेक्षकांना मात्र ऊबदार संसार दिसला.

एमा गेटवूड या बाईंनी 1955 साली, वयाच्या 67 व्या वर्षी, ती सगळी अ‍ॅपलेशियन वाट एकटीनं पार केली. पायात कॅनव्हासचे बूट, खांद्यावर घरी शिवलेली पिशवी. मुलांना सांगितलं, जरा फिरून येते. आमच्या घरी ‘जरा फिरून येते’ म्हणजे गणपत गल्लीचा बाजार, आणि तीन तास. (हशा)

चिठ्ठी आली. पाच मिनिटं? बरं.

मुद्दा असा. आपल्या खानापूर तालुक्यातलं भीमगड 2011 मध्ये अभयारण्य झालं. तिथं देगावजवळ म्हादई नदी उगम पावते, बारापेडेच्या गुहांत रॉटन नावाच्या जातीची दुर्मिळ वटवाघळं आहेत. पण आमगाव, गवाळी ही गावंही त्याच जंगलात आहेत की! पावसाळ्यात तिथलं आजारी माणूस खांद्यावरून बाहेर काढावं लागतं. त्याला कुणी ट्रेक म्हणत नाही. एका महोत्सवात मला सांगितलं, तुमच्या फिल्ममध्ये माणसं फार, जंगल कमी. मी विचारलं, माणसं वगळून जे उरेल त्याला जंगल कुणी ठरवलं? उत्तर नाही, बक्षीसही नाही.

चिकोडी तालुक्यातल्या अंकलीहून शितोळे सरकारांचे अश्व दरवर्षी माउलींच्या पालखीसाठी पायी आळंदीला जातात. कॅमेऱ्यांची झुंबड उडते ती रिंगणाला. मधल्या रस्त्यावर थांबा, तिथं चालणं सापडेल.

बाकी घाईत सांगतो. आवाज वेगळा ध्वनिमुद्रित करा. पावसात चित्र फसलं तरी आवाज तारतो. अभयारण्यात चित्रीकरणाला वन्यजीव कायद्याखाली परवानगी लागते, ड्रोन गुपचूप उडवू नका. आणि लांबलचक कंटाळवाणा टप्पा पूर्ण कापू नका, अंतर त्यातच कळतं.

आता प्रोजेक्टर सुरू करा. आमगावच्या वाटेची फीत आहे. वाघ नाही, आधीच सांगतो. मधे मी कॅमेरा न्यायला परत येताना दिसेन, तेव्हा मशीन बिघडलं म्हणून कुणी उठू नका.