हरताळाची पोथी

[माळा. कौलांतून येणारी उन्हाची तिरीप. लाल कापडात बांधलेलं काहीतरी.]

ही पोथी निळमाळाची. निळमाळ कुठल्याच नकाशात सापडायचा नाही. वडोद्याच्या दांडिया बाजारात, याच माळ्यावर बसून पाच पोरांनी एका बालनाट्यासाठी तो देश रचला. पोथी मात्र खरी आहे. उचलली की वजन लागतं आणि बोटांना गुलाल लागतो.

निळमाळात जादूची पोथी एकच. तिच्यात मंत्र १०८. मंत्र एकदा म्हटला की संपला. मग दरबारचा कारकून त्यावर पिवळा हरताळ फासतो आणि समासात खर्च टाकतो, मोडीत.

[जवळून: पिवळा पट्टा, शेजारी मोडीची ओळ.]

इथं लिहिलंय, ‘राणीसाहेबांची दाढ’. त्याखाली, ‘युवराजांचा काटलेला पतंग परत आणविला’. पुढच्या पानावर, ‘जावईबापूंची उचकी’. राजे बदलत गेले, खर्च असाच होत राहिला. १०७ मंत्र गेले. उरला एक.

म्हटलेला मंत्र संपतो, ही कल्पना पोरांना सुचली ती धारच्या राजा भोजामुळे. त्याचा ‘समरांगणसूत्रधार’ हा अकराव्या शतकातला ग्रंथ इथल्याच गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत छापला गेला, पहिला भाग १९२४ साली. वास्तुशास्त्राचा ग्रंथ, पण एकतिसाव्या अध्यायात यंत्रं आहेत. हलक्या लाकडाचा मोठा पक्षी, पोटात पारा, खाली विस्तव, आणि वर बसलेला माणूस आकाशात. हे बनवायचं कसं, ते मात्र भोज सांगत नाही. माहीत नाही म्हणून नव्हे, गुप्त राखायचं म्हणून, असं तो स्वतःच बजावतो. यंत्रं उघड केली तर ती फळत नाहीत, म्हणे. पोरांनी नेमकं हे वाक्य उचललं. मंत्र म्हटला म्हणजे उघड झाला, म्हणून संपला.

[हातकागदाचे लांबट कापलेले ताव. अकीकाचा घोटा.]

पोथी लिहिणारी मुलगी चित्रकला शिकते. कागद पुठ्ठ्यावर ठेवून ती अकीकानं घोटतेय. हा दगड खंभातचा, वडोद्याहून फार लांब नाही. घोटून घोटून कागदाला चकाकी आली की बोरू अडखळत नाही, शाई फुटत नाही.

आता ओळी. इथं पेन्सिल नाही, पट्टी नाही. एका पाटीवर समान अंतरानं दोरे ताणलेत. तिला गुजरातीत ओळियुं म्हणतात. कागद वर ठेवायचा आणि बोटानं दाबत न्यायचं. शाईशिवाय ओळी उमटतात. उजेड तिरका पडला तरच दिसतात, म्हणून हा शॉट आम्ही तीनदा घेतला.

[दिवा. वर उपडं मातीचं भांडं. खल.]

शाईची कृती एका जुन्या गुजराती दोह्यात आहे. काजळाइतकाच बोळ (हा एक सुगंधी डिंक), त्याच्या दुप्पट साधा डिंक, आणि माक्याचा रस मिळाला तर अक्षराअक्षरात दिवा जळेल. तिळाच्या तेलाचं काजळ तिनं पिसानं खरवडून काढलं. मग खल. चाळीस मिनिटं खल. तुम्हाला वीस सेकंद दाखवतोय.

पहिल्या खेपेला डिंक जास्त पडला. पावसाळी हवेत सहा पानं एकमेकांना अशी चिकटली की पोथीचा पापड झाला. असंच एक बासन, म्हणजे कापडात बांधलेली पोथी, याच माळ्यावर आधीपासून होतं, घरातल्या आजीच्या सासऱ्यांचं. त्यातली पानं विटेसारखी घट्ट. ती सुटली नाहीत.

जुने लोक पानांमध्ये गुलाल भुरभुरत, ते याचसाठी.

[गुलाल. पानावरून फुंकर.]

मोडीसाठी ती महिनाभर गिरवत होती. आधी आडवी रेघ ओढून घ्यायची, मग बोरू शक्यतो न उचलता अक्षरं तिला लटकवत न्यायची. वडोदा संस्थानच्या मराठी दप्तरांत असे कागद ढिगांनी आहेत आणि ते वाचणारे दरवर्षी कमी होतायत. कारकुनाची अक्षरं तिनं मुद्दाम घाईची काढलीत. राजाच्या उचापतींना वैतागलेल्या माणसाची.

मंत्र बालबोधीत, म्हणजे देवनागरीत आहेत. प्रत्येक पानाच्या मध्यावर कोरी जागा आणि तीत लाल टिकली. ताडपत्रात तिथं दोरीचं भोक असे. कागद आला, दोरी गेली, जागा तशीच राहिली.

हरताळ मात्र खोटा आहे. खरा हरताळ म्हणजे आर्सेनिक आणि गंधक. चुकलेली अक्षरं झाकायला लेखनिक तो वापरत, किडाही लांब राही. आजीनं दारातच अडवला. “विष घरात नको गं बाई. तुझ्या राजाला हळद फासायला सांग.” शेवटी पिवळी माती आणि डिंक.

[पहिलं पान.]

निळमाळाच्या पोथीवर शाप हवा, असं सगळ्यांचं म्हणणं होतं. तिनं शाप लिहिला नाही. जुन्या पोथ्यांच्या शेवटी लेखनिक एक श्लोक लिहीत, तो तिनं सुरुवातीला घातला. तेलापासून राखा, पाण्यापासून राखा, सैल बांधणीपासून राखा, मूर्खाच्या हाती देऊ नका. एवं वदति पुस्तकम्. सांगणारं पुस्तक स्वतःच. शापाची मग गरज कुणालाच वाटली नाही.

नाटकाचा प्रयोग एकच झाला. मुलं हसली, विशेषतः उचकीला.

[माळा. संध्याकाळ. मुलगी पाठमोरी, लिहिताना.]

हे १०८व्या मंत्राचं पान. कॅमेरा पाठीमागे आहे, कारण पुढून घेऊ दिलं नाही. “दाखवलं तर फळणार नाही,” एवढंच म्हणाली. शाई वाळली, गुलाल पडला, वर लाकडी फळी आली, मग लाल बासन.

आजी पायरीवरून बघत होत्या.

“गाठ सैल राहिली बघ.”

“राहू दे ना आजी, उद्या परत उघडायचीच आहे.”

“आत काय लिहिलंयस तूच?”

[मुलगी गाठ सोडते. पुन्हा बांधते.]