एकतर्फी हुकूमनामा आणि दारात आलेली दरखास्त

श्रोतेहो, नमस्कार.

खानापूर, निपाणी, चिकोडी भागातली कितीतरी माणसं कामासाठी पुण्याला नाहीतर गोव्याला राहतात. इकडे घरी कोर्टाचं समन्स येतं, बहुतेक वेळा कन्नडमध्ये. घरातल्यांना ते वाचता येत नाही, मग कागद तसाच पडून राहतो. पुढे कधीतरी बेलीफ जप्तीचं वॉरंट घेऊन येतो आणि तेव्हा कळतं, की कौटुंबिक न्यायालयात आपल्या गैरहजेरीत हुकूमनामा, म्हणजे दाव्याचा निकाल, होऊन त्याची दरखास्तही, म्हणजे त्याच्या अंमलबजावणीचा अर्जही, लागली आहे.

अशा वेळी माणूस दरखास्तीच्या कोर्टात जाऊन सांगतो, 'साहेब, मला काही माहीतच नव्हतं.' हे सांगायची ती जागा नाही. दरखास्त चालवणारं कोर्ट हुकूमनामा बरोबर की चूक हे तपासत नाही. हुकूम देणाऱ्या कोर्टाला मुळात अधिकारच नव्हता, किंवा पैसे फिटले आहेत, असे मुद्दे तिथे चालतात. पैसे कोर्टाबाहेर हातोहात दिले असतील आणि त्यांची कोर्टात नोंद झाली नसेल, तर तेही हिशेबात धरत नाहीत.

हुकूमनामा रद्द करायचा अर्ज ज्या कोर्टानं तो दिला तिथेच, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ९ नियम १३ खाली करायचा. समन्स रीतसर बजावलं गेलं नाही, किंवा हजर न राहण्याला सबळ कारण होतं, यातलं एक दाखवावं लागतं. मुदत हुकूमनाम्यापासून ३० दिवसांची; समन्स रीतसर बजावलंच नसेल तर हुकूमनामा कळल्या दिवसापासून. उशीर झाला असेल तर विलंबमाफीचा अर्जही जोडा. म्हणून आधी फाइल बघा. बेलीफच्या अहवालात काय लिहिलंय? सही कुणाची? समन्स दारावर चिकटवलं, की वर्तमानपत्रात जाहीर नोटीस दिली? सगळा खटला बहुधा या दोन-तीन पानांवर उभा असतो. मात्र तारीख तुम्हाला माहीत होती आणि हजर राहायला वेळही होता असं दिसलं, तर बजावणीतल्या बारीकसारीक चुकीवर हुकूमनामा रद्द होत नाही.

आणि हे नीट ऐका: नुसता अर्ज दिल्यानं दरखास्त थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते, आणि कोर्ट काही रक्कम भरायला सांगू शकतं. मला ते रास्त वाटतं. पलीकडे बहुधा पोटगीची वाट पाहणारी बाई आणि तिची मुलं असतात.

आपल्या सीमाभागात आणखी एक पेच येतो. हुकूमनामा कोल्हापूरच्या कोर्टाचा आणि जप्ती बेळगावात. बेळगावचं कोर्ट तुम्हाला कोल्हापूरला जाऊन आदेश आणण्यापुरती थोडी सवड देऊ शकतं, पण हुकूमनामा रद्द करायचा अर्ज कोल्हापुरातच. बेळगावच्या कौटुंबिक न्यायालयाच्या निकालावर अपील करायचं तर उच्च न्यायालयाच्या धारवाड खंडपीठाकडे. तिथे अपिलाचा निकाल लागला, की मूळ कोर्टातला हा अर्ज चालत नाही. कुठल्या वाटेनं जायचं ते वकिलाशी बोलून आधीच ठरवा.

दरमहा पोटगीचा आदेश फौजदारी कायद्याखाली झाला असेल तर नियम वेगळा. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ च्या जागी आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १४४ आहे. एकतर्फी आदेश रद्द करायचा अर्ज कलम १४५ खाली तीन महिन्यांत करायचा. थकबाकीपायी तुरुंगात जाऊन आलात तरी बाकी फिटत नाही.

एकतर्फी हुकूम पुरुषांविरुद्धच होतात असं नाही. बायकोचा चुकीचा पत्ता देऊन घटस्फोट मिळवल्याचीही प्रकरणं असतात. अशा बहिणींनी एक दिवसही दवडू नये, कारण अपिलाची मुदत गेली की समोरचा दुसरं लग्न करायला मोकळा होतो. वकिलाच्या फीची चिंता करू नका. बाईला उत्पन्न कितीही असलं तरी सरकारी खर्चानं वकील मिळतो. तालुका कोर्टातल्या विधी सेवा समितीत अर्ज द्या, नाहीतर १५१०० या क्रमांकावर फोन करा.