तसबिरीमागचा दस्त

[कृष्णधवल दृश्य. भिंत, भिंतीवर मातेची तसबीर.]

हा तुकडा नीट बघा. शेत हातातून चाललंय, मालकीचा कागद कुठं सापडत नाही. तेवढ्यात भिंतीवरची कारिदाद मातेची, म्हणजे क्युबातल्या मेरीमातेची, तसबीर खाली येते आणि मागून दस्त निघतो. आपल्याकडं सातबारा शोधता शोधता देव्हारा हलावा, तसं.

'ला व्हिर्हेन दे ला कारिदाद', क्युबा, 1930. मूकपट. दिग्दर्शक रामोन पेओन, जन्म हवाना, 1897. सत्तेवर तेव्हा राष्ट्राध्यक्ष हेरार्दो माचादो. हा 1925 साली आला आणि 1928 साली घटना बदलून त्यानं आपला काळ वाढवून घेतला. पेओनच्या पटात माचादोचा मागमूस नाही. जमीन बळकावणारा धनदांडगा आहे, आणि कागदाअभावी हात बांधलेला शेतकरी. मातेचं नाव घेतलं की क्युबात घराघरात ऐकू जातं. 1916 पासून ती देशाची संरक्षक देवता.

[रिळांचे डबे.]

हा पट आज बघायला मिळतो, यात नशिबाचा वाटा मोठा. एन्रिके दिआस केसादानं 1913 साली क्युबाचा पहिला मोठा कथापट काढला. तेच आपल्या फाळक्यांचंही साल. 1922 च्या आगीत दिआस केसादाचं काम जळालं. हाताशी उरली 1906 सालची मिनिटभराची एक फिल्म.

कारण नायट्रेट, म्हणजे झटकन पेट घेणारं एक प्लास्टिक. त्या काळची 35 मिलिमीटर फिल्म यावरच असायची. पेटली तर पाण्यानं विझत नाही; जळायला लागणारा ऑक्सिजन तिच्या स्वतःच्या पोटातच असतो. आणि पेटली नाही तरी कुजते. आधी चित्र फिकट पडतं, मग थर चिकट होतात, फेस येतो, शेवटी तपकिरी भुकटी. डबा घट्ट बंद ठेवला तर निघणारा वायू आतच कोंडतो आणि कुजणं वाढतं, म्हणून डब्याला हवा खेळती लागते. उष्ण, दमट हवेत हे सगळं लवकर होतं, आणि हवाना दमटच.

[जवळून : भोकं.]

एका फुटात 16 चौकटी, चौकटीला चार भोकं. फिल्म आक्रसली की भोकांमधलं अंतर कमी होतं. टक्काभर आक्रसली तरी नेहमीच्या यंत्राचे दाते भोकात बसत नाहीत, फाडतात. मग आक्रसलेल्या फिल्मसाठी जुळवलेल्या यंत्रावर, एकेक चौकट नव्या फिल्मवर उतरवायची. मूळ फिल्म द्रवात भिजवून छापली तर बारीक ओरखडे भरून निघतात. फिल्मचे तुकडे जोडलेला जुना सांधा आधी तपासायचा, नाहीतर तो मशीनमध्येच सुटतो.

वेगाचंही भान हवं. सेकंदाला 16 चौकटींनी चित्रित केलेलं हजार फुटांचं रीळ 16 मिनिटं 40 सेकंद चालतं. तेच 24 च्या यंत्रावर लावलं की 11 मिनिटांत संपतं आणि माणसं तुरुतुरु पळतात. मूकपटांना हसायची सवय आपल्याला बहुधा अशाच खेळांनी लावली.

[हवानाचे रस्ते.]

1930 च्या सप्टेंबरात पोलिसांच्या गोळीनं विद्यार्थी राफाएल त्रेहो गेला. विद्यापीठ बंद झालं. ऑगस्ट 1933 मध्ये माचादो देश सोडून पळाला. पेओन तोवर मेक्सिकोत पोचला होता. त्याचा 'ला योरोना' हा पट त्याच वर्षीचा.

[पुन्हा तसबीर. आवाज नाही.]