ज्याची बॅट, त्याची बॅटिंग

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यातील भाषण, थोडं संपादित करून)

नमस्कार मंडळी. मसालेभाताचा वास इथपर्यंत येतोय आणि सूत्रसंचालकांनी दोनदा घड्याळाकडे बोट दाखवून झालंय, तेव्हा लगेच मुद्द्यावर येतो.

आपल्या प्रत्येकाच्या चाळीत, वाडीत एक मुलगा असायचा. बॅट त्याची, स्टंप त्याचे, बॉलही त्याचाच. खेळ यथातथाच. पण पहिली बॅटिंग त्याचीच, आणि आऊट दिलं की स्वारी बॅट काखोटीला मारून घरी. आपण इंग्लंडमधल्या ज्या नॉटिंगहॅमच्या आसपास राहतो तिथे असाच एक मुलगा मोठा झाला आणि पुढे 'सर'ही झाला. सर ज्यूलियन कान. आडनाव खरंच कान आहे, त्याला माझा इलाज नाही.

जन्म 1882 चा, कार्डिफमधला. वडील जर्मनीहून आलेले ज्यू, म्हणजे आपल्यासारखेच बाहेरून येऊन बस्तान बसवलेले. नॉटिंगहॅमला त्यांचं फर्निचरचं दुकान होतं. मुलाने त्याची देशभर शाखा असलेली साखळी केली. त्याची किल्ली एकच होती, हप्ता. थोडे पैसे आधी भरा, पलंग आजच घरी न्या, उरलेले थोडे थोडे फेडा. शेवटचा हप्ता भरेपर्यंत पलंग कायद्याने दुकानाचाच, तुम्ही त्यावर भाड्याने झोपता एवढंच! रोख मोजून खाट आणणं ज्यांना जन्मात जमलं नसतं, त्या कामगारांच्या घरांत यामुळे सामान आलं. माझ्या आईने गोदरेजचं कपाट असंच आणलं होतं. हप्त्याची वही त्याच कपाटाच्या लॉकरमध्ये असायची, आणि वही संपली त्या दिवशी तिने कपाटाला हळदकुंकू लावलं. म्हणून या धंद्याला नावं ठेवायला माझी जीभ वळत नाही.

पैसा आला आणि कानसाहेबांना क्रिकेट सुचलं. खेळाडू म्हणून ते बेताचेच. म्हणून त्यांनी संघच काढला, 'सर ज्यूलियन कान इलेव्हन', आणि कप्तान कोण हे विचारायलाच नको. वेस्ट ब्रिजफर्डला लफबरो रोडवर स्वतःचं मैदान. पुढे 1928 मध्ये लफबरोजवळचा स्टॅनफर्ड हॉल हा वाडा विकत घेतला आणि तिथेही मैदान केलं. 1923 ते 1941 या काळात हा संघ 621 सामने खेळला आणि हरला फक्त 19. जमैका, अर्जेंटिना, उत्तर अमेरिका, सिलोन आणि मलाया, न्यूझीलंड असे दौरे झाले, सगळे शेठजींच्या खर्चाने.

आता त्यांच्या पॅडची गोष्ट. साहेबांचे पॅड खास बनवून घेतलेले होते, हवा भरायचे. सायकलच्या चाकात भरतात तशी. बॅटिंगला जायच्या आधी नोकर ते फुगवून द्यायचा म्हणे. चेंडू पॅडला लागला की टप्प दिशी उडून लांब जायचा, की पळा लेगबाय, म्हणजे अंगाला चेंडू लागून मिळणाऱ्या, पण फलंदाजाच्या नावावर न लागणाऱ्या धावा. आणि स्कोअरर पगारी माणूस असेल, तर त्या धावा साहेबांच्या नावावर पडायला कितीसा वेळ लागतो? क्रिकेटच्या गप्पांमध्ये या पॅडवर बराच मालमसाला चढलाय हे उघड आहे, पण मला ती गोष्ट सोडवत नाही.

मला यातली खरी गंमत दिसते ती वेगळीच. त्या काळी इथे क्रिकेटपटूंच्या दोन जाती होत्या. हौशी म्हणजे 'जंटलमन', पगारी म्हणजे 'प्लेयर'. दोघांच्या कपडे बदलायच्या खोल्या वेगळ्या, मैदानात उतरायची फाटकंसुद्धा बऱ्याच ठिकाणी वेगळी. धावफलकाच्या छापील कार्डावर हौशी खेळाडूची आद्याक्षरं आडनावाच्या आधी, पगारी माणसाची नंतर. टिटमस नावाच्या पोराच्या नावात हा क्रम चुकला तेव्हा लॉर्ड्सवर लाउडस्पीकरवरून दुरुस्ती जाहीर झाली होती. हे सगळं सोवळं 1963 चा हंगाम सुरू होण्याआधी मोडीत निघालं.

पण कानसाहेबांनी त्यात आधीच पळवाट काढली होती. न्यूझीलंडचा स्ट्युई डेम्पस्टर, ऑस्ट्रेलियाचे जॅक वॉल्श आणि व्हिक जॅक्सन अशी मातब्बर मंडळी त्यांनी आणली आणि आपल्या धंद्यात नोकरीला लावली. डेम्पस्टर लेस्टरच्या दुकानात मॅनेजर. पगार फर्निचरचा, खेळ क्रिकेटचा, कागदोपत्री हौशी! हाच डेम्पस्टर पुढे लेस्टरशायरचा कप्तान झाला. मुंबईकरांना हे नवीन सांगायला नको. वाडेकर स्टेट बँकेत, गावसकर निरलॉनमध्ये, वेंगसरकर टाटांकडे. टाइम्स शील्डचा, म्हणजे कंपन्यांच्या संघांच्या स्पर्धेचा, सामना असला की साहेब टेबलावर दिसायचा नाही, आणि त्याची फाइल दुसऱ्याच कोणाच्या टेबलावर यायची. ती बऱ्याचदा माझ्या काकांच्या टेबलावर यायची आणि त्यांना त्याचा अभिमान होता. कानसाहेबांच्या दुकानातही असा एखादा काका असणारच, पण त्याचं नाव कोणी लिहून ठेवलेलं नाही.

बाकी माणूस हरहुन्नरी होता. जादूचे प्रयोग करायचा, आणि त्यासाठी घराला जोडून साडेतीनशे खुर्च्यांचं थिएटर बांधलं. बागेत पेंग्विन, तलावात सीलायन. दानही मोठं. कवी बायरनचा वाडा, न्यूस्टेड ॲबी, विकत घेऊन 1931 मध्ये नॉटिंगहॅम शहराला देऊन टाकला. बायरन ग्रीसच्या स्वातंत्र्यलढ्यासाठी गेला आणि तिथेच वारला, म्हणून त्या समारंभाला ग्रीसचे पंतप्रधान व्हेनिझेलॉस जातीने आले होते. बाळंतिणींच्या वेदना कमी व्हाव्यात यासाठी कानसाहेबांनी हात सैल सोडला, स्टॉरपोर्टला प्रसूतिगृह उभं केलं. 1929 ची सर पदवी त्यातून आली असं म्हणायला हरकत नाही.

1934 च्या बॅरोनेटसीचं, म्हणजे वंशपरंपरेने चालणाऱ्या 'सर'कीचं, मात्र तसं नाही. पदव्या विकणारा मॉन्डी ग्रेगरी नावाचा एक दलाल 1933 मध्ये कायद्याच्या कचाट्यात सापडला. त्याने तोंड उघडलं असतं तर मोठमोठ्यांची अब्रू गेली असती. त्याने देशाबाहेर गप्प राहावं म्हणून कानसाहेबांनी तीस हजार पौंड मोजले आणि बदल्यात पंतप्रधान मॅकडोनाल्ड यांना नाइलाजाने ही पदवी द्यावी लागली, असं मानलं जातं. इथे हप्ते नव्हते, रोकडा व्यवहार!

महायुद्ध आलं, संघ मोडला. धंदा त्यांनी 1943 मध्ये विकला आणि पुढच्याच वर्षी सप्टेंबरमध्ये स्टॅनफर्ड हॉलमध्येच ते वारले. तो वाडा कोणी घेतला असेल? सहकारवाल्यांनी! तिथे त्यांचं कॉलेज आलं. म्हणजे शेठजींच्या थिएटरात सहकारी चळवळीचे विद्यार्थी बसू लागले. 2018 पासून तिथे जखमी सैनिकांना पुन्हा उभं करायचं केंद्र आहे.

असो, भात निवतोय. पुढच्या रविवारी आपल्या मंडळाचा सामना आहे. किट बॅग यंदाही खजिनदारांच्याच गाडीत आहे, आणि ओपनिंगला कोण जाणार हे त्यांनी व्हॉट्सॲपवर कळवलेलं आहेच. पॅड मी आत्ताच दाबून बघितले, हवेचे नाहीत.