कायदा रुग्णाच्या खाटेपर्यंत

वैद्यकीय महाविद्यालये आहेत, विधी महाविद्यालये आहेत. मग जैवनीतिशास्त्र (उपचार आणि जीवविज्ञानातील नैतिक प्रश्नांचा अभ्यास) आणि जीवविज्ञानविषयक कायद्यासाठी विद्यापीठात वेगळे संशोधन केंद्र कशाला, असा प्रश्न विचारला जातो. हार्वर्डच्या विधी विद्यालयाने २००५ मध्येच असे केंद्र काढले. परंतु त्याची गरज मला आपल्याकडील दयामरणाच्या कायद्यात अधिक स्पष्ट दिसते.

परळच्या केईएम रुग्णालयातील परिचारिका अरुणा शानबाग १९७३ मधील पाशवी हल्ल्यानंतर २०१५ मध्ये मृत्यू येईपर्यंत त्याच रुग्णालयात होत्या. त्यांना भरवणे थांबवावे, ही याचिका सर्वोच्च न्यायालयाने ७ मार्च २०११ रोजी फेटाळली, मात्र उच्च न्यायालयाच्या परवानगीने जीवनाधार काढून घेण्याची वाट त्याच निकालाने खुली केली. त्याहून मोलाची वाटते ती दुसरीच गोष्ट. अरुणाताईंच्या वतीने बोलण्याचा अधिकार न्यायालयाने याचिकाकर्त्या लेखिकेला नव्हे, तर त्यांना वर्षानुवर्षे भरवणाऱ्या आणि स्वच्छ ठेवणाऱ्या केईएमच्या कर्मचाऱ्यांना दिला. शुश्रूषेतूनही नाते जडते, हे कायद्याने मान्य केले.

पुढे ९ मार्च २०१८ रोजी घटनापीठाने सन्मानाने मरण्याचा हक्क राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जीवनाच्या हक्कात अंतर्भूत असल्याचे सांगून ‘लिव्हिंग विल’ला, म्हणजे बरे होण्याची आशा नसताना कोणते उपचार नकोत हे माणसाने आधीच लिहून ठेवलेल्या दस्तऐवजाला, मान्यता दिली, पण त्यासाठी आखलेली कार्यपद्धती पाहा. दस्तऐवजावर प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांची प्रतिस्वाक्षरी हवी, रुग्णालयाच्या वैद्यकीय मंडळानंतर जिल्हाधिकाऱ्यांनी दुसरे मंडळ नेमायचे, आणि शेवटी न्यायदंडाधिकाऱ्यांनी स्वतः रुग्णाला येऊन पाहायचे. व्हेंटिलेटरवरील वडिलांचा कागद हातात घेऊन अतिदक्षता विभागाबाहेर उभ्या असलेल्या मुलाने ही दारे कोणत्या रात्री ठोठवायची? तत्त्व उदात्त होते, पण अंमलाची वाट जवळजवळ बंद होती.

ही अडचण न्यायालयापुढे नेली ती अतिदक्षता तज्ज्ञांच्या राष्ट्रीय संघटनेने. २४ जानेवारी २०२३ रोजी घटनापीठाने नियम सुधारले: नोटरी किंवा राजपत्रित अधिकाऱ्यासमोरचा दस्तऐवज पुरेसा ठरला, दोन्ही मंडळे रुग्णालयानेच नेमायची, दुसऱ्यात जिल्ह्याच्या मुख्य वैद्यकीय अधिकाऱ्याने सुचवलेला डॉक्टर असायचा, तज्ज्ञांच्या अनुभवाची अट २० वर्षांवरून ५ वर्षांवर आली, निर्णय शक्यतो ४८ तासांत द्यायचा, आणि न्यायदंडाधिकाऱ्यांना निर्णय अमलात आणण्यापूर्वी केवळ कळवायचे.

मधली जवळपास पाच वर्षे वाया गेली, आणि ती टळू शकली असती, असे माझे ठाम मत आहे. मसुदा होत असतानाच खाटेशेजारी उभा राहणारा डॉक्टर, परिचारिका, वकील आणि नीतिशास्त्राचा अभ्यासक एका टेबलाशी बसले असते, तर न्यायदंडाधिकाऱ्यांच्या भेटीची अट पहिल्याच वाचनात खटकली असती. हे टेबल विद्यापीठातच मांडता येते, कारण तेथे कोणी पक्षकार नसतो आणि निकालाची घाईही नसते.

असे केंद्र आपल्याकडे निघाले, तर त्याने प्रथम हाती घ्यावे असे काम समोरच आहे: सामान्य माणसाला वकिलाविना वाचता येईल असा ‘लिव्हिंग विल’चा मराठी नमुना तयार करणे, आणि दुसऱ्या मंडळासाठीचा डॉक्टर वेळेत मिळतो की नाही, हे जिल्हा रुग्णालयांत जाऊन तपासणे.