सारेची गुहा, कुलपित्यांचं नाव

(दृश्य : वेस्ट बँकमधलं हेब्रोन, सकाळचं ऊन. उंच दगडी भिंत. कॅमेरा वरून खाली येतो.)

हे दगड आधी नीट बघा. प्रत्येक चिऱ्याच्या कडा चारही बाजूंनी आत तासलेल्या आहेत, मधला भाग जरासा वर राहिलाय. दोन चिऱ्यांमध्ये चुना नाही. दगडावर दगड नुसता बसवलाय आणि तो दोन हजार वर्षं तसाच बसलाय. हेरोद राजाच्या काळातली ही भिंत एका गुहेभोवती उभी आहे. ज्यू लोक तिला मक्पेलाची गुहा म्हणतात. मुसलमानांसाठी ही इब्राहिमी मशीद. इंग्रजीत मात्र या जागेचं नाव पडलं ‘केव्ह ऑफ द पेट्रिआर्क्स’, कुलपित्यांची गुहा.

पेट्रिआर्क. घरातल्या कर्त्या म्हाताऱ्यालाही हाच शब्द आणि चर्चच्या सर्वोच्च गुरूलाही हाच. या शब्दाच्या मागे आपण निघालोय, आणि सुरुवात इथूनच करायला हवी.

(दृश्य : आतलं दालन. भरजरी कापड, जाळीची खिडकी.)

ही कापडं ज्यांवर पांघरलीत, त्या कबरींच्या खुणा आहेत. खरी गुहा पायाखाली. अब्राहाम, त्याचा मुलगा इसहाक, नातू याकोब. सारा, रिबका, लेआ. तीन नवरे, तीन बायका. मोठ्या दालनात तर इसहाक आणि रिबका समोरासमोर आहेत. गुहेच्या नावात मात्र तिघंच.

आणि ही जागा घेतली कुणासाठी? बायबलचं पहिलं पुस्तक उत्पत्ती, त्याचा तेविसावा अध्याय उघडा. सारा १२७ वर्षांची होऊन वारली. अब्राहाम या मुलखात उपरा. त्याच्या नावावर वीतभर जमीन नाही. तो तिथल्या हित्ती लोकांपुढे उभा राहतो, वाकून नमस्कार करतो आणि बायकोच्या मातीसाठी जागा मागतो. शेताचा मालक एफ्रोन म्हणतो, तशीच घ्या. अब्राहाम ऐकत नाही. व्यापाऱ्यांत चालणाऱ्या वजनाने ४०० शेकेल चांदी तो तोलून देतो. शेत, शेतातली गुहा, चारी बांधांच्या आतली झाडं, सगळं वेशीत जमलेल्या माणसांच्या देखत त्याच्या नावावर होतं. एखादं खरेदीखत वाचावं तसा हा अध्याय आहे. जो देश देईन असं देवाने वचन दिलं होतं, त्या देशात अब्राहामाच्या मालकीची झालेली पहिली जमीन ही. ती सारेसाठी घेतलेली आहे.

(दृश्य : ग्रीक हस्तलिखिताचं पान. अक्षरं अगदी जवळून.)

आता शब्दाकडे. ग्रीकमध्ये ‘पात्रिआर्खेस’. दोन तुकड्यांचा शब्द आहे. पहिला तुकडा ‘पात्रिआ’, आणि इथेच बहुतेकांची गफलत होते. पात्रिआ म्हणजे बाप नव्हे. बाप म्हणजे ‘पातेर’, आपल्या ‘पितृ’चा सख्खा भाऊ. पात्रिआ म्हणजे त्या बापापासून चालत आलेलं कूळ, घराणं, भावकी. दुसरा तुकडा ‘आर्खेइन’ या क्रियापदातून आलाय. सुरुवात करणं आणि सत्ता चालवणं, ग्रीक माणूस या दोन्हींसाठी हेच क्रियापद वापरतो.

म्हणून मराठीत हा शब्द आणताना एका शब्दात भागत नाही. मूळपुरुष म्हटलं की सुरुवात येते, सत्ता सुटते. कुलाधिपती म्हटलं की सत्ता येते, आणि ज्याच्यापासून कूळ सुरू झालं तो म्हातारा निसटतो. कुलपिता त्यातल्या त्यात जवळचा, पण त्यात कूळ मागे पडून पिताच पुढे येतो.

हिब्रू धर्मग्रंथांचं ग्रीक भाषांतर इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात अलेक्झांड्रियात सुरू झालं. त्या भाषांतरात, इतिहासाच्या पुस्तकांत, हा शब्द भेटतो. तिथे तो अब्राहामासाठी आलेला नाही. वंशांचे प्रमुख, घराण्यांचे म्होरके, अशा याद्यांमध्ये तो येतो. बायबलच्या नव्या करारात तो फक्त चारदा आहे : एकदा दाविद राजासाठी, दोनदा याकोबाच्या बारा मुलांसाठी, एकदा अब्राहामासाठी. पुढे ज्या शब्दावर एवढी सिंहासनं उभी राहिली, त्याचा मूळ ग्रंथातला वावर एवढाच.

(दृश्य : त्याच पानाशेजारी संस्कृत पोथी. ‘कुलपति’ शब्दावर प्रकाश.)

आपल्याकडे याच्या अगदी शेजारी बसेल असा एक शब्द होता : कुलपती. आज तो विद्यापीठाच्या पदवीदान समारंभातच ऐकू येतो. पण संस्कृतात कुलपती म्हणजे कुळाचा प्रमुख, आणि कुलपती म्हणजे आश्रमाचा गुरूही. महाभारत उघडतं तेच नैमिषारण्यात, कुलपती शौनकाच्या बारा वर्षांच्या सत्रात. म्हणजे घर आणि धर्म, दोन्हीकडे चालणारा एकच शब्द. ग्रीकसारखाच. फरक व्याख्येत आहे. दहा हजार मुनींना अन्न देऊन, पोसून जो शिकवतो तो कुलपती, असं एक जुनं वचन सांगतं. यात राज्य करणं नाही, जेवू घालणं आहे. मला ही व्याख्या फार मोलाची वाटते. ती आपण विसरलो याचं वाईट वाटतं, कारण ‘पोसणं’ हा निकष धरला असता तर त्या पंक्तीत स्वयंपाकघराला जागा द्यावी लागली असती.

(दृश्य : नकाशा. पाच शहरांवर एकेक दिवा लागतो.)

शब्द घरातून गादीवर कसा गेला? आधी ज्यूंकडे. रोमन साम्राज्यातल्या ज्यूंचा प्रमुख, ज्याला ते नासी म्हणत, त्याला रोमन कायद्यात पेट्रिआर्क म्हटलंय. ती गादी घराण्यातच चालायची, बापाकडून मुलाकडे, म्हणजे शब्दाचा मूळ अर्थ शाबूत होता. ४२९ सालच्या कायद्यात ती संपल्याचा उल्लेख येतो. ख्रिस्ती बाजूला ३२५ साली निकिया इथल्या परिषदेने रोम, अलेक्झांड्रिया आणि अँटिओक इथल्या बिशपांचा जुना मान मान्य केला. ३८१ मध्ये कॉन्स्टँटिनोपलला ‘नवं रोम’ म्हणून रोमच्या पाठोपाठ मान मिळाला. ४५१ मध्ये जेरुसलेम वर आलं. सहाव्या शतकात सम्राट जस्टिनियनच्या कायद्यात ही पाचही शहरं पेट्रिआर्कांची म्हणून नोंदली गेली. पूर्वेच्या चर्चमध्ये बिशप अविवाहित असतो, पेट्रिआर्कही. त्याच्या पोटी कूळ नाही. तरी नाव कुळाचंच, कारण आता लाखो श्रद्धावंत हेच त्याचं कूळ.

मॉस्कोला ही गादी १५८९ मध्ये मिळाली. १७०० मध्ये पेट्रिआर्क वारल्यावर झार पीटरने ती भरूच दिली नाही, आणि ती परत आली थेट १९१७ मध्ये. रोमच्या पोपनेही ‘पश्चिमेचा पेट्रिआर्क’ ही पदवी २००६ मध्ये सोडली, २०२४ मध्ये ती पुन्हा घेतली गेली.

(दृश्य : इस्तंबूल, फनार. बंद दरवाजा. फ्रेम स्थिर.)

या दरवाज्यापाशी जरा थांबू. गोल्डन हॉर्न खाडीच्या काठावर, फनार वस्तीत, कॉन्स्टँटिनोपलच्या पेट्रिआर्कचं हे ठाणं. १९९१ पासून बार्थोलोम्यू इथे गादीवर आहेत. पायऱ्या चढून आलं की समोर मुख्य दरवाजा, आणि तो बंद. लोक बाजूच्या दाराने आत जातात, पाहुणेही, पुजारीही. १८२१ मध्ये ग्रीकांनी उठाव केला. सुलतानाने आपल्या राज्यातल्या ग्रीकांचा जाब त्यांच्या धर्मपित्याला विचारला. ईस्टरच्या दिवशी पेट्रिआर्क ग्रेगरी पाचवे यांना या दरवाज्यात फासावर चढवलं. तेव्हापासून हा दरवाजा उघडलेला नाही.

(सात सेकंद निवेदन नाही. फक्त दरवाजा.)

(दृश्य : गोवा. पांढरं चर्च, घंटा.)

आपल्या किनाऱ्यालाही हा शब्द लागलेला आहे. गोव्याच्या आर्चबिशपना १८८६ पासून ‘पूर्वेकडील इंडीजचे पेट्रिआर्क’ ही मानाची पदवी आहे. आणि गावोगावी आपण ज्यांना पाद्री म्हणतो, तो पोर्तुगीज ‘पाद्रे’ म्हणजे बापच.

(दृश्य : छापील इंग्रजी पान, जुना टाइप.)

हे पान १६८० चं. पुस्तकाचं नावच ‘पेट्रिआर्का’, लेखक रॉबर्ट फिल्मर. छापून येईपर्यंत त्याला जाऊन सत्तावीस वर्षं झाली होती. त्याचं म्हणणं असं : आदाम पहिला बाप, म्हणून पहिला राजा. बापाची सत्ता देवाने दिलेली, राजाची सत्ता तीच. आधाराला दहा आज्ञांमधली पाचवी : बापाचा मान राख. इंग्रज तत्त्वज्ञ जॉन लॉकने उत्तर लिहिलं तेव्हा नेमकं इथेच बोट ठेवलं. ती आज्ञा ‘आपल्या बापाचा आणि आपल्या आईचा मान राख’ अशी आहे. फिल्मर ती सांगताना आई गाळतो. आणि आज्ञेत आई बापाच्या बरोबरीने असेल, तर त्या आज्ञेवरून एकट्या बापाचं राज्य सिद्ध होत नाही.

कर्त्या बाईसाठी ‘मेट्रिआर्क’ हा इंग्रजी शब्द सतराव्या शतकाच्या तोंडावर, पेट्रिआर्कच्या साच्यावर पाडला गेला. तोवर पेट्रिआर्क त्या भाषेत कित्येक शतकं नांदत होता. पितृसत्ता म्हणून जे आपण आज ओळखतो, आडनाव, वारसा, घरातला शेवटचा शब्द, ते याच मुळाचं झाड, आणि त्याखाली कोण कोण वाढलं नाही हे प्रत्येक घराला ठाऊक आहे.

(दृश्य : पुन्हा हेब्रोन. १९९४ पासून ज्यू आणि मुसलमान यांच्यात वाटलेली वास्तू. दोन वेगळी दारं, तपासणीच्या रांगा. मग आतली जाळी, तिच्या पलीकडे कापड.)

उत्पत्तीच्या शेवटाकडे याकोब मिसरात, म्हणजे इजिप्तमध्ये, मरणाला टेकलाय. बारा मुलं, म्हणजे ज्यांना नव्या कराराने कुलपिते म्हटलं ती मुलं, खाटेभोवती उभी आहेत. तो त्यांना सांगतो, मला हित्ती एफ्रोनाच्या शेतातल्या गुहेत पुरा. आणि तिथे कोण आहे ते मोजून सांगतो. अब्राहाम आणि त्याची बायको सारा. इसहाक आणि त्याची बायको रिबका. आणि लेआ. तिला मीच तिथे पुरलं.

(लेआच्या कापडावर कॅमेरा स्थिर.)